‘कोटा क्विकी’ आणि दशरथाचा कितवा मुलगा

प्रश्न असा आला आहे: १९४७ चा ‘डेथ इन हाय हील्स’ हा कमी खर्चात उरकलेला ब्रिटिश खूनपट ‘कोटा क्विकी’ म्हणायचा का? आणि अशा सिनेमाला मराठीत काय म्हणावं?

नाही म्हणायचा. सिनेमा ब्रिटिश, कृष्णधवल आणि स्वस्तातला दिसला की लोक डोळे मिटून ‘कोटा क्विकी’ची चिठ्ठी डकवतात. ऐकून कान किटले.

कोटा क्विकी, म्हणजे कायद्याचा कोटा भरायला झटपट उरकलेला सिनेमा, ही १९२७ च्या ब्रिटिश कायद्याची अवलाद. अमेरिकी सिनेमांनी ब्रिटिश थिएटरं व्यापली होती, म्हणून वितरकांनी ७.५ टक्के तरी माल ब्रिटिश साम्राज्यातला घ्यावा अशी सक्ती झाली, आणि पुढे हा आकडा २० टक्क्यांवर गेला. मोजदाद व्हायची ती फिल्मच्या लांबीची, फुटांत. मग अमेरिकी कंपन्यांनी फुटाला एक पाउंड अशा दराने सिनेमे पाडून घेतले. सहा हजार फूट, सहा हजार पाउंड, कायदा खूश. (पुढे नावाजलेला ब्रिटिश दिग्दर्शक मायकेल पॉवेल याच भट्टीतून निघाला, तेव्हा सरसकट नाकं मुरडू नयेत.) १९३८ च्या कायद्याने किमान खर्चाची अट घातली आणि हा धंदा बसला. १९४७ चा सिनेमा क्विकी ठरवणं म्हणजे कालगणनेशी उघड वैर.

पण खरी गंमत ‘कोटा’त आहे. ‘कोटा’ म्हटलं की आपल्याला रेल्वेचं तिकीट, रेशन किंवा फरशी आठवते. शब्द मात्र लॅटिन: ‘क्वोटा पार्स’, म्हणजे कितवी वाटणी. ‘क्वोटुस’ म्हणजे कितवा! ‘राम हा दशरथाचा कितवा मुलगा?’ हे इंग्रजीत सरळ विचारता येत नाही, हे कोडं आपण शाळेपासून एकमेकांना घालत आलो. ज्यांच्याकडे ‘कितवा’ नाही, त्यांच्या सरकारी कायद्यात ‘कितवी’ ठाण मांडून बसली होती आणि त्यांना पत्ताही नव्हता.

लॅटिन ‘क्वोट’ आणि संस्कृत ‘कति’, दोन्हींचा अर्थ ‘किती’, सख्खी भावंडं. ‘क्वोटुस’समोर संस्कृत ‘कतिथ’ (कितवा) ठेवून बघा. आपला ‘किती’ मात्र कोशवाले ‘कियत्’ या दुसऱ्या संस्कृत शब्दाकडे ढकलतात. ‘कति’मधला दोन स्वरांमध्ये सापडलेला एकटा ‘त’ प्राकृतात गळायला हवा होता, हा त्यांचा हुकमी एक्का. मग नेपाळी माणूस आजही भाव विचारताना ‘कति’ म्हणतो, त्याचा ‘त’ कुणी राखला? नियम पाठ असले की कान बंद होतात, दुसरं काय! माझ्या मते ‘किती’ ‘कति’चाच, ‘कियत्’ने फार तर पहिल्या अक्षराला वेलांटी दिली. आणि समजा ‘कियत्’च खरा, तरी मूळ प्रश्नार्थक ‘क’ तोच, म्हणजे नातं चुलत ठरेल, तुटणार नाही.

१९२७ च्या त्या कायद्याची अडचणही हा ‘किती’च. त्याने ‘किती फूट?’ एवढंच विचारलं, ‘कसा?’ विचारलंच नाही.

हां, सिनेमा राहिला. ‘डेथ इन हाय हील्स’ हॅमर या ब्रिटिश कंपनीचा आहे, पुढे ड्रॅक्युलामुळे गाजलेल्या त्याच हॅमरचा. उंची कपड्यांच्या दुकानात विषप्रयोग, दुकानातलीच मंडळी संशयित आणि डिटेक्टिव्ह चार्ल्सवर्थ चौकशीला. जेमतेम पाऊण तासात सगळा निकाल. मिनिटाला ९० फूट धरले तर चार हजारांच्या आसपास फूट भरतात. हा मुख्य सिनेमाच्या आधी, त्याच तिकिटात दाखवायचा माल. तिकडे त्याला ‘सपोर्टिंग फीचर’ किंवा ‘सेकंड फीचर’ म्हणत.

मराठीत ‘जोडपट’ म्हणा, खून असेल तर ‘जोड-खूनपट’. ‘नियतांशपट’ असा एक शब्द कुणीतरी सुचवल्याचं कानावर आलं. ‘नियतांश’ म्हणजे कोटा, तो सरकारी फायलीत शोभतो, तिथेच राहू द्या.