तेव्हा कोर्ट कुठे होतं?

प्रश्न : आजोबांना १९७५मध्ये ‘मिसा’खाली (खटल्याविना स्थानबद्ध करण्याचा कायदा) येरवड्यात डांबलं होतं. कोर्टात दाद का मागितली नाही? – एक वाचक, सदाशिव पेठ

उत्तर : पुष्कळांनी मागितली हो! अनेक उच्च न्यायालयांनी ती ऐकलीही. पण २८ एप्रिल १९७६ला सुप्रीम कोर्टाने ४ विरुद्ध १ मतांनी दार लावलं : आणीबाणीत अटकेविरुद्ध अर्जच चालणार नाही. विरोधात एकटे न्या. एच. आर. खन्ना, पुढे त्यांचं सरन्यायाधीशपद हुकलं. मी तेव्हा वकिलीला नवखा. शिवाजीनगर कोर्टाच्या बाररूममध्ये पेपर हातोहात फिरला, बोललं कुणीच नाही. (मीही नाही.)

४४व्या घटनादुरुस्तीपासून आणीबाणीतही कलम २१, म्हणजे जगण्याचा आणि व्यक्तिस्वातंत्र्याचा हक्क, स्थगित करता येत नाही.

आजोबांचा स्थानबद्धतेचा कागद सापडला, तर त्यात कारणं शोधू नका. ती सांगायचीच नाहीत, अशी सोय कायद्यातच केली होती.