तीन सिनेमे, मग शाळा

प्रिय मित्रा,

पत्र मिळालं. लग्नात कुणीतरी तुला मालिकेतला बालकलाकार म्हणून ओळखलं, सेल्फी घेतला आणि वर विचारलं, "मग सध्या काहीच नाही का?" फिजिओथेरपीच्या तिसऱ्या वर्षाला असलेल्या मुलाला! आणि तू ते मनाला लावून घेतलंस.

मॅथ्यू गार्बर हे नाव तू ऐकलं नसशील, पण चेहरा पाहिला असशील. 'मेरी पॉपिन्स'मधला धाकटा मायकेल बँक्स. जन्म लंडनच्या स्टेपनीतला, 1956चा. डिस्नेचे तीनच सिनेमे केले, तिन्हींत सोबतीला कॅरन डोट्रिस, 'मेरी पॉपिन्स'मधली त्याची बहीण. शेवटचा आला 1967 साली. मग पडद्याशी संबंध संपला.

'मेरी पॉपिन्स'मधला छताजवळ चहा पिण्याचा प्रसंग पुन्हा बघ. सगळी मंडळी हसत हसत वर तरंगतायत. मॅथ्यूला उंचीची भीती वाटायची. म्हणून तारांना बांधून वर नेलं की दर खेपेला दहा सेंट, असं त्याच्याशी ठरलं. कॅरननंच हे पुढे सांगितलं. मला हा व्यवहार फार आवडतो. भीती वाटते, वर जायचं, खाली आलं की पैसे घ्यायचे. विषय संपला. (आमच्या अभिनयाच्या धंद्यात इतका चोख हिशेब मी तरी पाहिलेला नाही.) त्या वयात कुणी करिअर करत नसतं रे. तूही नवव्या वर्षी करत नव्हतास. तो शब्द मोठ्यांनी मागाहून चिकटवला.

मॅथ्यू जून 1977 मध्ये गेला, अवघ्या एकविसाव्या वर्षी. आदल्या वर्षी भारतात असताना त्याला हिपॅटायटिस झाला होता, तो पुढे स्वादुपिंडापर्यंत गेला. लोक मात्र त्याला 'बालकलाकारांच्या शोकांतिका' म्हणून सरसकट त्या यादीत बसवतात. मला याचा राग येतो. काविळीला काय ठाऊक, हा पोरगा पडद्यावर होता ते? आजारानं गेला तो, सिनेमा सुटला म्हणून नाही.

आणि 1968च्या 'ऑलिव्हर!'मधला मार्क लेस्टर? त्यानं विशीच्या आतच अभिनय सोडला आणि पुढे ऑस्टिओपॅथ झाला. सांधे, मणके, पाठदुखी. म्हणजे तुझ्याच गल्लीतला. गंमत म्हणजे त्या सिनेमातली त्याची गाणीही त्याच्या आवाजात नाहीत. एका मुलीनं, केथ ग्रीननं, म्हटली आहेत. पेशंटनं गाणं म्हणायचा आग्रह केला तर बिचारा काय करत असेल!

तुमच्या मालिकेच्या पुनर्भेटीच्या कार्यक्रमाला जावं का, असं विचारलंयस. परीक्षा नसेल तर जा. मानधनाचा आकडा मात्र आधी लेखी घे. मला एकदा "नंतर बघू" म्हणाले होते, ते 'नंतर' अजून उजाडायचंय. आणि तो जुना डायलॉग तुला म्हणायला लावतीलच. म्हणायचा नसेल तर आजच कळव. माईक हातात आल्यावर नाही म्हणणं फार जड जातं.

प्रॅक्टिकल झालं की फोन कर. माझा उजवा खांदा महिनाभर वर जात नाहीये.

तुझा,
काका