मानवत खटल्यातील मांत्रिकाचा जीवनपट कसा शोधावा?

परभणी जिल्ह्यातील मानवत येथे 1972 ते 1974 या काळात स्त्रिया आणि कोवळ्या मुली यांच्या हत्या झाल्या. त्यांच्या खटल्यात ज्याचे नाव आले त्या मांत्रिकाचे आयुष्य अभ्यासायचे असेल, तर सुरुवात सर्वोच्च न्यायालयाच्या 1977 मधील ‘दगडू विरुद्ध महाराष्ट्र राज्य’ या निकालापासून करावी, असे मी आग्रहाने सांगेन.

हा मांत्रिक माफीचा साक्षीदार झाला होता. त्यामुळे त्याच्याविषयी जे काही लिहिले गेले आहे त्यातील बराच भाग त्याच्याच जबानीतून आलेला आहे, आणि स्वतःचा जीव वाचवण्यासाठी बोलणाऱ्या माणसाच्या शब्दाला स्वतंत्र पुराव्याचा आधार लागतो, हे तत्त्व याच निकालात सविस्तर मांडलेले आहे. या हत्या म्हणजे नरबळी असल्याचा आरोप होता; ज्या दोघांसाठी ते बळी दिल्याचे म्हटले गेले, ते उच्च न्यायालयातच निर्दोष सुटले. म्हणून तेव्हाच्या बातम्यांतील ठाम विधाने निकालाशी ताडून पाहिल्याशिवाय वापरू नयेत. पोलीस अधिकारी रमाकांत कुलकर्णी यांच्या नेतृत्वाखालील तपासाचे तपशीलही असेच पडताळावेत.

मांत्रिकाच्या पूर्वायुष्यासाठी महसुली दप्तर आणि शाळेची रजिस्टरे पाहावीत; मराठवाडा 1948 पर्यंत निजामाच्या राज्यात असल्याने जुने कागद उर्दूत असू शकतात. ‘दैनिक मराठवाडा’ या वृत्तपत्राचे हत्या आणि खटल्याच्या वर्षांतील अंकही चाळावेत. गावात विचारपूस करताना मृतांचे नातेवाईक अजूनही हयात असू शकतात याचे भान ठेवावे आणि ते नको म्हणाले, तर तिथेच थांबावे.