अनुशेष : उणीव की घेणं?

अमरावती जिल्ह्यातल्या दर्यापूर तालुक्यातून प्रश्न आला आहे. गावचा शेतांकडे जाणारा पांदण रस्ता आणि कृषिपंपांच्या रखडलेल्या वीजजोडण्या यांवर ग्रामसभेत ठराव झाला. सदस्यांनी लिहिले, ‘गावाचा अनुशेष शासनाने फेडावा’. ग्रामसेवकांनी ‘फेडावा’ खोडून ‘दूर करावा’ केले. तिसऱ्याने सुचवले, साधा ‘बॅकलॉग’ लिहा, म्हणजे कोणालाही कळेल. यातले बरोबर कोणाचे, आणि अनुशेष म्हणजे थकबाकीच ना, असे प्रश्न पाठवणाऱ्या भाऊंनी विचारले आहे.

व्युत्पत्ती चटकन उरकू. अनु म्हणजे मागून, शेष म्हणजे उरलेले. मागे राहून गेलेले ते अनुशेष. पण या फोडीने आपले भांडण मिटत नाही, कारण मागे दोन तऱ्हेने राहता येते. कोणी द्यायचे कबूल केले आणि दिले नाही, ती बाकी. आणि सगळे पुढे गेले, आपण रेंगाळलो, ती उणीव. वऱ्हाडातला कास्तकार हा शब्द पहिल्या अर्थाने ऐकतो. ‘सरकारकडं आमचं घेनं निंगते’, असे तो सरळ म्हणतो. सरकारी कागदातला अर्थ मात्र दुसरा आहे.

तो अर्थ पक्का केला दांडेकर समितीने. अर्थतज्ज्ञ वि. म. दांडेकर यांच्या अध्यक्षतेखाली १९८३ मध्ये सत्यशोधन समिती नेमली गेली आणि १९८४ मध्ये तिचा अहवाल आला. रस्ते, सिंचन, गावांचे विद्युतीकरण, शिक्षण, आरोग्य, पाणीपुरवठा अशा एकेका क्षेत्रात राज्याची सरासरी काढायची, आणि जो जिल्हा तिच्या खाली असेल त्याला सरासरीपर्यंत आणायला किती पैसा लागेल ते मोजायचे, अशी तिची रीत. समजा राज्यात शंभर चौरस किलोमीटरमागे सरासरी चाळीस किलोमीटर रस्ता आहे आणि तुमच्या जिल्ह्यात तीस. मग कमी पडणारे दहा किलोमीटर हा अनुशेष. सरासरीच मुळात भिकार असली आणि तुमचा जिल्हा नेमका सरासरीवर असला, तर रस्त्यात गुडघाभर चिखल असूनही अनुशेष शून्य. सिंचनाचा हिशेब तर ‘रब्बी ज्वारी समतुल्य’ हेक्टरांत होतो, म्हणजे ऊस असो की गहू, पाण्याचे माप रब्बी ज्वारीचे.

या रीतीतून निघालेले आकडे आपल्याकडच्या भाषणांत सहसा अर्धेच सांगतात. एकूण अनुशेष सुमारे ३,१८७ कोटी रुपये, त्यात विदर्भाचा सुमारे १,२४७ कोटी, म्हणजे ३९ टक्के. इथपर्यंत सगळ्यांना पाठ. पण मराठवाड्याचा सुमारे ७५१ कोटी, आणि उर्वरित महाराष्ट्राचाही सुमारे १,१८९ कोटी होता. माप जिल्हानिहाय लावले की कोकणातला किंवा घाटावरचा मागे पडलेला जिल्हाही अनुशेषाच्या यादीत येतो, आणि शेजारचा पुढारलेला जिल्हा त्याची उणीव झाकत नाही. थकबाकी या अर्थाने हे बसतच नाही. पश्चिम महाराष्ट्राचे घेणे कोणाकडे निघायचे?

जाता जाता ‘उर्वरित’कडेही बघा. राज्यघटनेच्या अनुच्छेद ३७१(२) मध्ये विदर्भ, मराठवाडा आणि उर्वरित महाराष्ट्र असे तीन भाग येतात. उर्वरित म्हणजेही उरलेलेच. म्हणजे शब्दशः पाहिले तर पुणे, कोल्हापूर, मुंबई हे ‘उरलेले’ आणि आपल्या वाट्याला ‘मागे उरलेले’. मंत्रालयाला असा विनोद करायचा नसणार, पण झाला आहे खरा.

मग कास्तकार चुकतो का? मला तसे वाटत नाही. त्याच्या कानात १९५३ आहे. त्या वर्षी २८ सप्टेंबरला विदर्भ, मराठवाडा आणि पश्चिम महाराष्ट्रातल्या नेत्यांत झालेल्या नागपूर करारात निधीचे वाटप लोकसंख्येच्या प्रमाणात होईल, मराठवाड्याकडे विशेष लक्ष दिले जाईल, सरकारी नोकऱ्यांतही लोकसंख्येचे प्रमाण पाळले जाईल, विधिमंडळाचे किमान एक अधिवेशन दरवर्षी नागपुरात होईल, अशी कबुली होती. कबुलीची भाषा देण्याघेण्याचीच असते. पुढे १९५५ मध्ये राज्य पुनर्रचनेसाठीच्या फाजल अली आयोगाने विदर्भाचे वेगळे राज्य करावे अशी शिफारस केली, ती बाजूला पडली, आणि १९५६ मध्ये आपण द्वैभाषिक मुंबई राज्यात आणि १ मे १९६० ला महाराष्ट्रात आलो. त्यामुळे इथल्या माणसाने ‘अनुशेष’ शब्द उचलला तेव्हा त्याच्या आधीपासूनच्या खात्यात तो टाकला. समितीने सरासरीपासूनचे अंतर मोजले, लोकांनी न पाळलेला शब्द मोजला. दोन वह्या, शब्द एकच. सभेतले अर्धे भांडण यातूनच होते.

आता क्रियापदे. ‘भरून काढणे’ हे सर्वांत चालते, कारण उणीव भरता येते. ‘दूर करणे’ आणि ‘निर्मूलन’ ही शासन निर्णयांची भाषा. ‘निर्मूलन’ मला खटकते. ते हिवताप, नारू यांना शोभते, रस्त्याच्या अभावाला मूळ कुठले आले? ‘फेडणे’ कर्जाला आणि नवसाला लागते. नागपूर कराराबद्दल बोलत असाल तर ‘फेडा’ म्हणण्यात भाषेच्या दृष्टीने काही वावगे नाही. दांडेकरांच्या अर्थाने बोलत असाल तर चूक. ‘अनुशेष निघणे’ हेही बोलीत ऐकू येते.

बॅकलॉगबद्दल एवढेच, की बोलायला तो उत्तम आहे. पण आपल्या घराघरांत त्याचे आणखी दोन अर्थ बसलेत. अमरावतीत इंजिनिअरिंगला असलेल्या पोराचे ‘दोन बॅकलॉग’ म्हणजे राहिलेले विषय, आणि नोकरभरतीतला बॅकलॉग म्हणजे न भरलेल्या राखीव जागा. या जागांनाही सरकारी पत्रांत अनुशेषच म्हणतात. म्हणून ठरावात कुठलाही शब्द घाला, पुढे ‘कशाचा’ हे लिहिल्याशिवाय वाचणाऱ्याला कळणार नाही.

सरकार आणि गाव दोघेही खरे बोलतात आणि तरी जुळत नाही, त्याचे कारण आणखी एका जोडीत आहे: आर्थिक अनुशेष आणि भौतिक अनुशेष. ठरलेला पैसा दिला गेला की आर्थिक अनुशेष संपला. वावरात पाणी आले तर भौतिक संपला. अमरावती, अकोला, वाशीम आणि बुलडाणा या जिल्ह्यांच्या सिंचनाच्या बाबतीत हा फरक वर्षानुवर्षे बातम्यांत आहे. त्यात माप एका तारखेला गोठवलेले. दांडेकरांचा पाया १९८२ चा, त्यानंतरच्या निर्देशांक व अनुशेष समितीचा १९९४ चा. त्या तारखेनंतर जे अंतर वाढले त्याला कागदावर अनुशेष म्हणतच नाहीत. मोजणीवर नजर ठेवायला १९९४ मध्ये या तिन्ही भागांसाठी विकास मंडळे आली, त्यांची मुदत ३० एप्रिल २०२० ला संपली. २०२२ मध्ये राज्य मंत्रिमंडळाने ती पुन्हा स्थापायचा निर्णय घेतला.

माझे वैयक्तिक मत विचाराल तर हा शब्द आपण जरा जास्तच ताणला आहे. अनुशेष म्हटले की मागणारा इथे आणि देणारा मुंबईत, हे चित्र आपोआप पक्के होते. निर्णय कोणी घ्यायचा हा प्रश्न त्यात येतच नाही. गडचिरोलीतल्या मेंढा-लेखा या गावाने तो विचारला होता: ‘दिल्ली-मुंबईत आमचे सरकार, आमच्या गावात आम्हीच सरकार’. या वाक्यात कसलीच बाकी मागितलेली नाही. पुढे वनहक्क कायद्याखाली २००९ मध्ये गावाला जंगलाचा सामूहिक हक्क मिळाला. वेगळे राज्य हवे म्हणणाऱ्यांची भूमिका पटो न पटो, तीही मुळात निर्णयाच्या हक्काची आहे. तिला अनुशेषाच्या आकड्यांवर उभे केले की आकडा मिटल्यावर मागणीही मिटली, असे समोरच्याला म्हणता येते.

तर तुमचा ठराव. गावाला अनुशेष लावू नका, तो जिल्ह्याचा मोजला गेला आहे. पांदण रस्त्यासाठी ‘रस्त्याची गैरसोय’ किंवा ‘उणीव’ पुरे, आणि क्रियापद ‘दूर करावी’, म्हणजे ग्रामसेवकांचे. वीजजोडण्यांत मात्र ज्यांनी कोटेशनचे पैसे भरले आणि जोडणी मिळाली नाही, ज्यांना कार्यालयात ‘पेड पेंडिंग’ म्हणतात, त्यांचे खरेखुरे घेणे आहे. तिथे ‘पैसे भरूनही थकीत असलेल्या जोडण्या’ असे रोखठोक लिहा, पैसे भरल्याची तारीख घाला. आणि टंकलिखित प्रतीत ‘अनुषेश’ झाले आहे ते कुठे राहिले असेल तर दुरुस्त करा: आधी शहामृगाचा श, मग षटकोनाचा ष.