राणी दिसत नाही म्हणजे पेटी गेली असं नाही

तुम्ही लिहिलंय की सातेरीच्या, म्हणजे आपल्या देशी मधमाशीच्या, पेटीत आठ दिवस राणी दिसली नाही, आता हुकूम कोण देणार? आधी एक गोष्ट सांगतो. राणी हुकूम देत नाही. ती अंडी घालते आणि तिच्या अंगाचा गंध माश्या एकमेकींना देत पेटीभर पोचवतात. तो गंध तुटला की काही तासांतच त्यांना कळतं आणि पुढचं सगळं कामकरी माश्याच ठरवतात. अगदी लहान अळ्यांपैकी काही निवडून त्यांना शेवटपर्यंत राजान्न (माश्यांच्या अंगातून पाझरणारं दुधासारखं खाणं) भरवतात, भोवती शेंगदाण्यासारखं लोंबतं राणीघर बांधतात. कामकरी होणारी अळीच राणी होते, फरक फक्त खाण्याचा.

म्हणून राणी शोधत बसू नका, अंडी शोधा. ऊन पाठीवर घ्या, फ्रेम (पोळं धरणारी लाकडी चौकट) तिरकी धरा आणि पोळ्यातल्या सहाकोनी घरांच्या तळाशी बघा. तांदळाच्या कणीहून बारीक पांढरी काडी दिसेल. अंडं तीन दिवसांत फुटतं, त्यामुळे प्रत्येक घरात तळाशी एकेक अंडं दिसलं, तर तीन दिवसांपूर्वीपर्यंत राणी नक्की होती.

राणीघर दिसलं तर त्याला हात लावू नका. नवी राणी बाहेर पडून, नरांशी मिलन होऊन अंडी घालायला लागेपर्यंत साधारण महिना जातो. या काळात सारखी पेटी उघडल्यानेच नवशिक्यांच्या वसाहती पळून जातात, हे मी पुन्हा पुन्हा पाहिलंय.

खरी काळजी कधी, तर एका घरात तीन-चार अंडी आणि तीही भिंतींना चिकटलेली दिसली तर. माझ्या एका पेटीत हे झालं होतं. तेव्हा कामकऱ्याच अंडी घालत होत्या. त्यांचं पोट आखूड, तळापर्यंत पोचत नाही. त्या अंड्यांचे फक्त नर होतात. घरांवर मेणाची फुगीर टोपणं, मधोमध बारीक भोक, सगळं पोळं तसंच. मी उशीर केला आणि ती वसाहत गेली, अजून वाईट वाटतं.

अंडी अजिबातच नसतील, तर दुसऱ्या पेटीतली ताज्या अंड्यांची आणि अगदी लहान अळ्यांची एक फ्रेम माश्या झटकून आत द्या. राणी नसेल तर दोन-तीन दिवसांत राणीघराची सुरुवात दिसेल. सध्या झड लागली असेल तर साखरेचा पाक ठेवा, पण मिलनासाठी उघडीप लागतेच.

उद्या ऊन पडलं की अकराच्या सुमारास एकदाच उघडा आणि अंडी कशी दिसली ते इथे लिहा.