डोक्यातली जागा भरत नाही

सांगली

चि. बाळास अनेक आशीर्वाद.

‘सर, मेमरी फुल्ल झाली, आता काही शिरतच नाही,’ हे तुझ्या पत्रातले वाक्य मी दोनदा वाचले. परीक्षेच्या तोंडावर असे वाटणे स्वाभाविक आहे; पण मेंदूला संगणक मानणारी ही उपमाच चुकीची असून तिच्यापायी तुझा अभ्यास उलट्या वाटेने चालला आहे, अशी मला काळजी वाटते.

गणितज्ञ जॉन फॉन नॉयमन यांनी १९४५ साली मांडलेल्या संगणकाच्या आराखड्यात आकडेमोड करणारा भाग वेगळा आणि साठवण वेगळी होती, आणि आजचेही बहुतेक संगणक त्याच वाटेने जातात. म्हणून तिथली फाइल हजारदा उघडली तरी जशीच्या तशी राहते, आणि डिस्क भरली की खरोखरच भरते. मेंदूत असे निराळे कोठार नाही. सुमारे ८,६०० कोटी चेतापेशी एकमेकींशी असंख्य जोडांनी बांधलेल्या असतात. विचार त्या जोडांतूनच वाहतो आणि आठवणही त्या जोडांच्याच बळकटीत राहते. त्यामुळे एखादी गोष्ट आठवताना ती नुसती वाचली जात नाही, तर थोडी नव्याने घडते. जितके अधिक ठाऊक, तितके नव्याला धरून राहायला आधार अधिक.

वेगात मेंदू संगणकाच्या जवळपासही नाही. प्रोसेसरचे ठोके सेकंदाला अब्जावधी, तर चेतापेशीचे फार तर काही शेकडे. तरीही हा सगळा कारभार साधारण २० वॅटमध्ये, एका लहान दिव्याइतक्या विजेत चालतो, याचे मला आजही नवल वाटते.

मिरजेत तंबोऱ्याची जवारी काढणारा, म्हणजे तारेचा झंकार जुळवणारा कारागीर तू जवळून पाहायला हवा. तारांखालच्या घोडीवर कानस दोन-तीनदा हलकेच फिरवायची, तार छेडायची, मान कलती करून ऐकायचे, पुन्हा कानस घ्यायची. एक हात जास्त पडला तर स्वर बिघडतो. संगणकातला प्रोग्रॅम क्षणात दुसऱ्या यंत्रात उतरवता येतो, पण हा कान शेजारी बसलेल्या मुलाला तसा देता येत नाही. त्या मुलाला वर्षानुवर्षे चुकत, ऐकत, स्वतःच्याच डोक्यात तो घडवावा लागतो.

तेव्हा तेच पान पाचव्यांदा वाचणे थांबव. आज रात्री पुस्तक मिटून कोऱ्या कागदावर कार्नो चक्र, म्हणजे आदर्श उष्णता-इंजिनाचे ते चक्र, आठवेल तसे मांड. जिथे अडेल तिथेच पुस्तक उघड, आणि मग वेळेवर झोप, कारण दिवसभरातले शिकणे झोपेत पक्के होते. परवा पुन्हा नवा कागद घे. रविवारी मी मिरजेला निघेन, तेव्हा दोन्ही कागद घेऊन घरी ये. पहिल्यात अडलेले दुसऱ्यात किती सुटले ते वाटेत पाहू.

तुझे,
सर