महापौर म्हणजे शहराचा मुख्यमंत्री नव्हे

प्रश्न: महापौरपदी स्त्री असेल तर ‘महापौरा’ म्हणावे का? आणि महापौर म्हणजे शहराचा मुख्यमंत्री, ही व्याख्या बरोबर आहे का?

उत्तर: पहिल्याचे उत्तर सोपे आहे. महापौरच म्हणावे. ‘महापौर आले’, ‘महापौर आल्या’, एवढ्यात लिंग कळते. सुलोचना मोदी 1956 साली मुंबईच्या पहिल्या स्त्री महापौर झाल्या, त्यांच्यासाठी वेगळा शब्द लागला नाही.

दुसऱ्या प्रश्नातली व्याख्या मात्र निवडणुकीच्या दिवसांत रोज कानावर आदळते आणि ती साफ चूक आहे. कायद्यानेही चूक, शब्दानेही चूक. कायद्याचे आधी उरकतो. मुंबई महानगरपालिका अधिनियम 1888 चा. त्याच्या कलम 64 प्रमाणे कार्यकारी अधिकार आयुक्तांकडे, आणि आयुक्त नेमते राज्य सरकार. महापौर नगरसेवकांच्या सभागृहाचे अध्यक्षस्थान सांभाळतात, मते समसमान पडली तर निर्णायक मत देतात. कंत्राटांची मंजुरी नगरसेवकांच्या स्थायी समितीत होते. 1998 साली महापौरांच्या हाती कारभार देणारी ‘मेयर-इन-कौन्सिल’ पद्धत मुंबईत आणून पाहिली, ती 1999 मध्ये गुंडाळली. 7 मार्च 2022 ला सभागृहाची मुदत संपली, दुसऱ्या दिवसापासून आयुक्तच प्रशासक झाले. पुढची तीन वर्षांहून अधिक मुंबईला महापौर नव्हते, तरी निविदा निघत राहिल्या. 2025-26 चा 74,427 कोटींचा अर्थसंकल्प प्रशासनानेच मांडला आणि प्रशासकांनीच मंजूर केला. मुख्यमंत्र्याविना राज्य असे चालेल का?

आता शब्द. ‘महापुराचा, म्हणजे मोठ्या शहराचा, तो महापौर’ अशी फोड काही जण छातीठोकपणे देतात. संस्कृतात ‘त्याचा’ या अर्थाचा तद्धित प्रत्यय (नामापासून नवा शब्द करणारा) लागला की सामान्य नियमाने शब्दाच्या पहिल्या स्वराची वृद्धी होते, म्हणजे ‘अ’चा ‘आ’, ‘उ’चा ‘औ’ होतो: कुरूचा कौरव, सुभद्रेचा सौभद्र. मग ‘महापुर’चे ‘माहापुर’ व्हायला हवे होते. झालेले नाही, कारण वृद्धी आधीच ‘पुर’वर झाली आहे. पुरात राहणारा तो पौर, म्हणजे नागरिक. त्याला ‘महा’ जोडले: नागरिकांतला थोर, पहिला नागरिक. हा शब्द सावरकरांनी घडवला असे मानतात. आणि यातली गोडी अशी की इंग्रजी ‘मेयर’ ज्या लॅटिन ‘मायोर’वरून आला (अर्थ ‘अधिक मोठा’, सैन्यातला ‘मेजर’ही तोच), त्याचे मूळ आणि आपल्या ‘महत्’चे मूळ एकच आहे. म्हणजे हे नुसते भाषांतर नाही, दूर गेलेल्या सख्ख्या भावंडांची भेट आहे!

पण ‘पौर’ खरा भेटतो तो गुजरातेतल्या गिरनारच्या पायथ्याच्या शिळेवर. इ. स. 150 च्या सुमारास महाक्षत्रप रुद्रदामन या शक राजाने तिथे लेख कोरवला. वादळी पावसात सुदर्शन तलावाचा बांध फुटला होता. भगदाड 420 हात लांब, तेवढेच रुंद आणि 75 हात खोल. सचिवांनी काम झेपणार नाही म्हणून हात वर केले. तेव्हा सुविशाख या अधिकाऱ्याने बांध पुन्हा बांधला, आणि राजाने ‘पौरजानपदं जनं’ म्हणजे शहरातल्या नि गावाकडच्या लोकांवर जादा कर किंवा वेठबिगार न लादता आपल्या कोशातून खर्च केला.

इतिहासकार काशीप्रसाद जयस्वालांनी या ‘पौर’चा अर्थ नगराची सभा असा लावला. दुसरे इतिहासकार अनंत सदाशिव अळतेकरांनी तो खोडला आणि योग्यच खोडला. कर आणि वेठ सभेवर लादत नाहीत, माणसांवर लादतात. शिवाय लेखात ‘जनं’ हा शब्द शेजारीच कोरलेला आहे. जयस्वालांचे मानले तर महापौर म्हणजे ‘मोठी सभा’ ठरेल, आणि त्यासाठी आपल्याकडे महापालिका हा शब्द आहे. एवढ्या मोठ्या विद्वानाने पुढच्याच शब्दाकडे डोळेझाक करावी, हे पटत नाही.

त्याच शिळेवर रुद्रदामनाच्या चारशे वर्षे आधीचे अशोकाचे लेख आहेत. तिसऱ्या लेखात ‘युत’, राजूक आणि प्रादेशिक या अधिकाऱ्यांना दर पाच वर्षांनी दौऱ्यावर निघण्याची आज्ञा आहे. युत म्हणजे युक्त, कामाला जोडलेला. आपला ‘आयुक्त’ याच घराण्यातला. म्हणजे नेमलेला अधिकारी आणि ज्याच्यासाठी काम करायचे तो पौर, दोघे एकाच खडकावर कोरलेले! माझे ठाम मत आहे की आयुक्त आणि महापौर ही जोडी आपल्या भाषेत योगायोगाने बसलेली नाही. एका शब्दात हुकूम पाळून काम करणे आहे, दुसऱ्यात त्या शहरात राहणे आहे. कर्नाटकात शहर झाडणाऱ्या कामगारांना ‘पौरकार्मिक’ म्हणतात. तो ‘पौर’ही हाच.

म्हणून वापर नेमका ठेवा. फुटपाथ उखडला, तर अर्ज वॉर्डाच्या सहायक आयुक्तांच्या नावे. तातडीचे असेल तर पालिकेच्या 1916 या क्रमांकावर फोन. शहराचे धोरण बदलायचे, तर नगरसेवकाकरवी ठरावाची सूचना. ती महापौरांपुढे सभागृहात येते, मंजूर झाली की आयुक्तांच्या अभिप्रायासाठी जाते. तिथे बरेच ठराव अडकतात, कारण अभिप्राय प्रतिकूल असू शकतो. फिरोजशहा मेहतांना ‘मुंबईचे महापौर’ लिहू नका. ते महापालिकेचे प्रेसिडेंट, म्हणजे अध्यक्ष होते. ‘मेयर’ हे नाव 1931 साली आले आणि पहिले मेयर जे. बी. बोमन-बेहराम. ‘महानगर आयुक्त’ आणि ‘महानगरपालिका आयुक्त’ यांचीही सरमिसळ नको. पहिले एमएमआरडीएचे, म्हणजे मुंबई महानगर प्रदेश विकास प्राधिकरणाचे, दुसरे पालिकेचे. वसई-विरारपासून पनवेलपर्यंतच्या मुंबई महानगर प्रदेशात (एमएमआर) महापालिका नऊ आहेत, म्हणून महापौरपदेही नऊ. अख्ख्या प्रदेशाचा असा महापौर कुणीच नाही, तेव्हा ‘एमएमआरचे महापौर’ हे शब्द कुठल्याही बातमीत येता कामा नयेत.